ब्रायन ऑर्सर, आधी स्केटर आणि मग प्रशिक्षक : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

कॅनडाचे फिगर स्केटर आणि प्रशिक्षक ब्रायन ऑर्सर यांच्याविषयी वाचकांकडून पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न येथे एकत्र केले आहेत. त्यांतील बरेचसे जपानचा युझुरू हान्यू किंवा दक्षिण कोरियाची युना किम या त्यांच्या शिष्यांच्या चाहत्यांनी पाठवलेले आहेत. रिंकच्या कठड्यापाशी उभे राहून शिष्याबरोबर उड्या मारणारे गृहस्थ कोण, असे त्यांना विचारायचे असते. प्रत्येक उत्तर स्वतंत्रपणे वाचता येईल. एखादा मुद्दा दुसरीकडे सविस्तर आला असेल, तेथे त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. ब्रायन ऑर्सर कोण आहेत, हे थोडक्यात सांगाल का?

ऑर्सर यांचा जन्म १८ डिसेंबर १९६१ रोजी कॅनडाच्या ऑन्टारिओ प्रांतातील बेलव्हिल येथे झाला. १९८१ ते १९८८ अशी सलग आठ वर्षे ते कॅनडाचे राष्ट्रीय विजेते होते. १९८४ (साराएव्हो) आणि १९८८ (कॅल्गरी) या दोन्ही हिवाळी ऑलिंपिकमध्ये त्यांना रौप्यपदक मिळाले आणि १९८७ मध्ये अमेरिकेतील सिनसिनाटी येथे ते विश्वविजेते झाले. पुढे बरीच वर्षे त्यांनी व्यावसायिक आइस शोमध्ये काम केले. २००६-०७ च्या सुमारास ते टोरांटोमध्ये प्रशिक्षणाकडे वळले. त्यांच्या मार्गदर्शनाखाली युना किमने २०१० मध्ये, तर युझुरू हान्यूने २०१४ आणि २०१८ मध्ये ऑलिंपिक सुवर्णपदक जिंकले.

२. त्यांना स्केटिंग कोणी शिकवले?

डग ली यांनी. ऑन्टारिओतील ओरिलिया या लहान गावात ली यांनी आपली शाळा उभी केली आणि ऑर्सर हे त्या शाळेचे पहिले मोठे नाव ठरले. पुढे विश्वविजेता झालेला एल्व्हिस स्टॉइको हाही त्याच शाळेतून आला. हौशी स्पर्धांच्या संपूर्ण काळात ऑर्सर यांनी प्रशिक्षक बदलला नाही. त्यांच्या स्वतःच्या शिष्यांच्या बाबतीत मात्र असे क्वचितच घडले. त्याविषयी प्रश्न १४ पाहावा.

३. ट्रिपल ॲक्सेल ही उडी प्रथम ऑर्सर यांनीच मारली, हे खरे आहे का?

नाही, पण या गैरसमजाला कारण आहे. फिगर स्केटिंगच्या प्रमुख उड्यांमध्ये ॲक्सेल ही एकच उडी पुढे तोंड करून घेतली जाते आणि स्केटर बर्फावर उतरतो तो पाठमोरा. त्यामुळे तिच्यात अर्धी फेरी जास्त होते आणि ट्रिपल ॲक्सेल म्हणजे हवेत साडेतीन फेऱ्या. जागतिक स्पर्धेत ही उडी पहिल्यांदा यशस्वी केली ती कॅनडाच्याच व्हर्न टेलरने, १९७८ साली ओटावा येथे. कनिष्ठ गटात असलेल्या ऑर्सर यांनी ती १९७९ मध्ये स्पर्धेत उतरवली.

ऑर्सर यांच्या नावावर जे ‘पहिलेपण’ आहे ते वेगळे आहे. ऑलिंपिकमध्ये ट्रिपल ॲक्सेल यशस्वी करणारे ते पहिले स्केटर (१९८४). सिनसिनाटीच्या १९८७ च्या जागतिक स्पर्धेत एकाच फ्री स्केटमध्ये (स्पर्धेतील मोठ्या कार्यक्रमात) दोन, आणि शॉर्ट प्रोग्रॅममधील (लहान कार्यक्रमातील) एक धरून एकाच स्पर्धेत तीन ट्रिपल ॲक्सेल करणारेही तेच पहिले. टेलरने ती उडी शक्य आहे हे दाखवले आणि ऑर्सर यांनी ती वर्षानुवर्षे, दडपणाखालीही भरवशाने करता येते हे दाखवले. माझ्या मते खेळ पुढे नेण्यात दुसऱ्या कामाचा वाटा अधिक मोठा असतो.

४. साराएव्होमध्ये शॉर्ट प्रोग्रॅम आणि फ्री स्केट दोन्ही जिंकूनही १९८४ चे सुवर्ण त्यांना का मिळाले नाही?

कारण स्पर्धेचे तेव्हा तीन भाग असत आणि पहिल्या भागात, म्हणजे कम्पल्सरी फिगर्समध्ये (प्रश्न ५ पाहा), ते सातवे आले होते.

त्या काळी प्रत्येक भागातील गुण थेट बेरजेत धरत नसत. प्रत्येक भागात स्केटरचा जो क्रमांक येई, त्याला एका ठरावीक अंकाने गुणत. फिगर्ससाठी तो अंक ०.६ होता, शॉर्ट प्रोग्रॅमसाठी ०.४ आणि फ्री स्केटसाठी १. ज्याची बेरीज सर्वांत कमी तो विजेता. अमेरिकेचा स्कॉट हॅमिल्टन फिगर्समध्ये पहिला आणि उरलेल्या दोन्ही भागांत दुसरा आला, म्हणजे ०.६ अधिक ०.८ अधिक २, एकूण ३.४. ऑर्सर यांचे गणित ४.२ अधिक ०.४ अधिक १, एकूण ५.६ असे झाले. त्यातले ४.२ एकट्या फिगर्सचे आहेत. उरलेले सर्व तसेच ठेवून ऑर्सर फिगर्समध्ये तिसरे आले असते, तर त्यांची बेरीज ३.२ झाली असती आणि सुवर्ण त्यांचे ठरले असते.

टीव्हीवर फक्त शेवटचे दोन भाग पाहणाऱ्या प्रेक्षकाला हा निकाल अन्यायाचा वाटे, हे समजण्यासारखे आहे. तरी नियम सर्वांना आधीपासून ठाऊक होते आणि हॅमिल्टनने त्यांच्या चौकटीत राहूनच स्पर्धा जिंकली होती. लागोपाठच्या जागतिक विजेतेपदांमुळे तो तेव्हा सर्वांत भरवशाचा स्केटर मानला जात होता. ऑर्सर यांचे रौप्यपदक कोणी हिरावून घेतलेले सुवर्ण होते, असे म्हणणे म्हणून बरोबर होणार नाही.

५. कम्पल्सरी फिगर्स म्हणजे काय, आणि आता त्या का दिसत नाहीत?

बर्फावर आठाच्या आकड्याप्रमाणे जोडलेली वर्तुळे एका पायावर काढायची, त्याच रेषेवरून पुन्हा जायचे, मधेच ठरलेल्या जागी वळणे घ्यायची आणि ही सर्व रेघ शक्य तितकी एकावर एक पडली पाहिजे, असा हा प्रकार होता. स्केटर बाजूला झाला की पंच वाकून बर्फावर उमटलेली रेघ तपासत. या खेळाच्या नावातला ‘फिगर’ येथूनच आलेला आहे.

प्रेक्षकांच्या दृष्टीने हा भाग लांबलचक आणि कंटाळवाणा होता आणि टीव्हीवर तर तो जवळपास दाखवलाच जात नसे. त्यामुळे फिगर्सचे वजन हळूहळू कमी करण्यात आले आणि १९९० च्या हॅलिफॅक्स येथील जागतिक स्पर्धेनंतर त्या आंतरराष्ट्रीय एकेरी स्पर्धांतून काढून टाकण्यात आल्या. आपल्याकडे ज्यांची मुले आर्टिस्टिक रोलर स्केटिंग करतात, त्या पालकांना मात्र हे वर्णन ओळखीचे वाटेल, कारण जमिनीवर आखलेल्या वर्तुळांवरून जाण्याचा हा प्रकार चाकांच्या स्केटिंगमध्ये टिकून राहिला.

फिगर्समुळे अंगी येणारी गोष्ट म्हणजे ‘एज’वरचा ताबा. स्केटच्या पात्याच्या तळाला लांबीभर खोलगट पन्हळ असते आणि तिच्या दोन्ही बाजूंना धारदार कडा असतात. त्यांतल्या नेमक्या एका कडेवर वजन तोलून वळण घेता येणे हा सगळ्या फिगर स्केटिंगचा पाया आहे. हे लक्षात ठेवले, तर प्रश्न ११ चे उत्तर अधिक चांगले कळेल.

६. ‘ब्रायनांची लढाई’ म्हणजे काय होते?

१९८८ च्या कॅल्गरी ऑलिंपिकमधील पुरुष एकेरीला वृत्तपत्रांनी दिलेले हे नाव. एका बाजूला १९८६ चा विश्वविजेता अमेरिकेचा ब्रायन बॉयटानो आणि दुसऱ्या बाजूला १९८७ चे विश्वविजेते ब्रायन ऑर्सर. दोघांचे नाव एक, तयारी तुल्यबळ, आणि स्पर्धा ऑर्सर यांच्या देशात.

त्या दडपणाची कल्पना यायला थोडी पार्श्वभूमी हवी. कॅनडाने १९७६ मध्ये माँट्रियल येथे उन्हाळी ऑलिंपिक भरवले होते, परंतु यजमान असूनही त्या देशाला एकही सुवर्ण मिळाले नव्हते. कॅल्गरीत तो डाग पुसला जाईल ही सगळ्या देशाची अपेक्षा प्रामुख्याने ऑर्सर यांच्यावर येऊन ठेपली होती, आणि उद्घाटनाच्या संचलनात कॅनडाचा ध्वजही त्यांच्याच हाती होता.

फिगर्समध्ये सोव्हिएत संघाचा अलेक्झांडर फादेयेव पहिला, बॉयटानो दुसरा आणि ऑर्सर तिसरे आले. शॉर्ट प्रोग्रॅम ऑर्सर यांनी जिंकला, बॉयटानो दुसरा आला. म्हणजे फ्री स्केटमध्ये या दोघांपैकी जो वरचढ ठरेल त्याचे सुवर्ण, असा सरळ हिशेब उरला. बॉयटानो आधी उतरला आणि त्याने आपल्या आयुष्यातील बहुधा सर्वोत्तम कार्यक्रम सादर केला. नंतर उतरलेल्या ऑर्सर यांचा कार्यक्रमही उत्कृष्ट होता, पण ट्रिपल फ्लिप या तीन फेऱ्यांच्या एका उडीच्या उतरण्यात ते किंचित डळमळले आणि शेवटाकडे ठरवलेल्या दुसऱ्या ट्रिपल ॲक्सेलच्या जागी त्यांनी डबल ॲक्सेल केली. नऊ पंचांचा कौल ५ विरुद्ध ४ असा बॉयटानोच्या बाजूने गेला. कॅनडा कॅल्गरीतूनही सुवर्णाविना परतला.

७. कॅल्गरीत ऑर्सर ‘एक दशांश गुणाने’ हरले असे सर्वत्र लिहिलेले असते. ते अचूक आहे का?

एका विशिष्ट अर्थाने अचूक आहे. अंतिम बेरीज बॉयटानो ३.० आणि ऑर्सर ४.२ अशी होती (बेरजेची रीत प्रश्न ४ मध्ये दिली आहे), त्यामुळे निकालाच्या तक्त्यात एक दशांशाचा फरक कोठेही सापडणार नाही.

प्रत्येक पंच तांत्रिक कौशल्य आणि सादरीकरण असे दोन गुण देई आणि त्यांच्या बेरजेवरून त्या पंचाच्या यादीतला क्रमांक ठरे. फ्री स्केटमध्ये चार पंचांनी ऑर्सर यांना वर ठेवले, तिघांनी बॉयटानोला, आणि दोन पंचांची बेरीज दोघांसाठी सारखीच निघाली. बरोबरी झाल्यास तांत्रिक गुण ज्याचे जास्त तो वर, असा तेव्हाचा नियम होता आणि या दोन्ही पंचांकडे तो गुण बॉयटानोचा जास्त होता. त्यांच्यापैकी एकाने जरी ऑर्सर यांना ०.१ अधिक दिला असता, तरी कौल उलटून ५-४ असा ऑर्सर यांच्याकडे गेला असता आणि अंतिम बेरीज ऑर्सर ३.२, बॉयटानो ४.० अशी झाली असती. ‘एक दशांश’ तो हाच.

८. १९८८ नंतर त्यांनी काय केले? १९९४ मध्ये व्यावसायिकांना परवानगी मिळाल्यावर ते परत आले का?

ते व्यावसायिक झाले आणि पुढची बरीच वर्षे त्यांनी प्रामुख्याने ‘स्टार्स ऑन आइस’ या आइस शोच्या दौऱ्यांत काम केले. पूर्व जर्मनीची स्केटर कॅटरिना विट आणि बॉयटानो यांच्यासह केलेल्या ‘कार्मेन ऑन आइस’ या चित्रपटासाठी तिघांनाही १९९० मध्ये एमी पुरस्कार मिळाला. कॅल्गरीत एकमेकांसमोर उभे राहिलेले दोन ब्रायन पुढे सहकलाकार आणि मित्र झाले, हे पुष्कळांना माहीत नसते.

१९९४ च्या लिलेहॅमर ऑलिंपिकसाठी व्यावसायिकांना परतण्याची मुभा मिळाली तेव्हा बॉयटानो आणि विट परतले. ऑर्सर परतले नाहीत.

९. ते प्रशिक्षक कसे झाले? युना किम त्यांच्याकडे कशी आली?

२००६ च्या उन्हाळ्यात दक्षिण कोरियाची युना किम, तेव्हाची कनिष्ठ विश्वविजेती, नवे कार्यक्रम बसवून घेण्यासाठी नृत्यरचनाकार डेव्हिड विल्सन यांच्याकडे टोरांटोला आली. ‘टोरांटो क्रिकेट, स्केटिंग अँड कर्लिंग क्लब’ या संस्थेत त्याच सुमारास ऑर्सर आणि ट्रेसी विल्सन (१९८८ च्या आइस डान्समधील कांस्यपदक विजेती) प्रशिक्षणाचे काम हाती घेत होते. ऑर्सर यांचे शो तेव्हा चालूच होते. २००७ मध्ये त्यांनी किमचे पूर्णवेळ प्रशिक्षक होण्याचे मान्य केले.

त्यानंतरची तीन वर्षे सर्वांना ठाऊक आहेत. किमने २००९ मध्ये लॉस एंजेलिस येथे जागतिक विजेतेपद आणि २०१० मध्ये व्हँकुव्हर येथे ऑलिंपिक सुवर्ण जिंकले. शॉर्टमध्ये ७८.५० आणि फ्री स्केटमध्ये १५०.०६, एकूण २२८.५६ हा तेव्हाचा विश्वविक्रम होता. फिगर स्केटिंगमध्ये कोरियाला मिळालेले ते पहिले ऑलिंपिक पदक.

व्हँकुव्हरचा प्रसंग ऑर्सर यांच्या दृष्टीने विशेष होता. पुन्हा कॅनडातले ऑलिंपिक, आणि पुन्हा एका देशाची सगळी अपेक्षा एकाच स्केटरवर. फरक इतकाच की देश कोरिया होता आणि ऑर्सर कठड्याच्या बाहेर उभे होते. अशा ऑलिंपिकपूर्वीचे दिवस कसे घालवावेत आणि कसे घालवू नयेत, हे कॅल्गरीच्या वेळी प्रत्यक्ष भोगून शिकलेला दुसरा प्रशिक्षक किमला मिळणे अवघडच होते.

१०. क्लबच्या नावात क्रिकेट कसे? हे आपल्या सहारा चषकाचेच मैदान का?

होय, तेच. टोरांटो क्रिकेट क्लबची परंपरा १८२७ पासूनची आहे आणि नंतर स्केटिंग व कर्लिंगचे क्लब तिच्याशी जोडले गेल्यामुळे हे लांबलचक नाव तयार झाले. १९९६, १९९७ आणि १९९८ मध्ये भारत-पाकिस्तान यांच्यातील सहारा चषकाच्या एकदिवसीय मालिका याच क्लबच्या मैदानावर झाल्या. त्यांतल्या पहिल्या दोन मालिकांत सचिन तेंडुलकर आपला कर्णधार होता आणि १९९७ ची मालिका आपण ४-१ अशी जिंकली होती. ज्या हिरवळीवर सौरव गांगुलीने त्या मालिकेत पाकिस्तानला जेरीस आणले, तिच्या शेजारच्या इमारतीत दहा वर्षांनी युना किम सराव करू लागली. स्केटिंगविषयीच्या बोलण्यात ‘क्रिकेट क्लब’ असा उल्लेख आला, तर तो याच ठिकाणाचा समजावा.

११. त्यांच्या प्रशिक्षणाचे वेगळेपण काय?

हा प्रश्न सर्वांत जास्त वेळा येतो, आणि बहुतेकांना उत्तर ‘मानसिक तयारी’ असे अपेक्षित असते. ते चुकीचे नाही, पण माझ्या मते दुय्यम आहे.

क्रिकेट क्लबच्या सरावाचा कणा म्हणजे स्ट्रोकिंगचे, म्हणजे बर्फावर पाय रेटत सरकण्याचे, सामूहिक वर्ग, ज्यांत ट्रेसी विल्सन यांचा मोठा वाटा आहे. या वर्गात ऑलिंपिक विजेत्यापासून नवख्यापर्यंत सर्वजण एकत्र रिंकभर फिरतात आणि खोल एज, गुडघ्याची लय, वळणे आणि दिशाबदल घोटून घेतात. उडी येथे नसतेच. गायकाने मैफलीच्या बंदिशी बाजूला ठेवून रोज पलटे घोटावेत, तसा हा प्रकार आहे. ज्यांना चार फेऱ्यांची उडी आधीपासून येते, अशा खेळाडूंना हे पहिल्या दिवसांत मागे गेल्यासारखे वाटते. परंतु उडीत शिरतानाचा वेग एजमधून येतो, तो टिकून राहिला की उडी उंच आणि लांब होते आणि उतरल्यावर वेग मरत नाही. २००४ नंतरच्या गुणपद्धतीत तर स्केटिंगच्या मूलभूत कौशल्याला स्वतंत्र गुण मिळू लागले, आणि उडीची प्रतही वेगळी मोजली जाऊ लागली. त्यामुळे ही शिकवण थेट गुणपत्रिकेत उमटू लागली.

हे पटवण्यासाठी हान्यूपेक्षा जेसन ब्राउनचे उदाहरण अधिक बोलके आहे. अमेरिकेचा ब्राउन २०१८ मध्ये टोरांटोला आला. २०२२ च्या बीजिंग ऑलिंपिकमध्ये त्याने चार फेऱ्यांची एकही उडी न मारता सहावे स्थान मिळवले, तेही अशा काळात, जेव्हा वरच्या क्रमांकांसाठी अशा अनेक उड्या आवश्यक मानल्या जात होत्या.

यात एक विसंगती आहे आणि ती मला रोचक वाटते. फिगर्समधील सातव्या क्रमांकामुळे ऑर्सर यांचे १९८४ चे सुवर्ण गेले, आणि पुढे त्यांनी जी शाळा उभी केली ती एजच्या, म्हणजे फिगर्स ज्यासाठी होत्या त्याच कौशल्याच्या, पायावर. त्यांनी हे त्या पराभवातून शिकून केले, असा दावा मी करत नाही. पण त्यांच्या दोन कारकिर्दींमधला दुवा शोधायचाच असेल, तर तो कॅल्गरीच्या पराभवापेक्षा या रोजच्या वर्गात जास्त स्पष्ट दिसतो.

दुसरे वेगळेपण म्हणजे कामाची वाटणी. ऑर्सर, ट्रेसी विल्सन, उड्यांसाठी गिस्लेन ब्रियाँ, रचनेसाठी डेव्हिड विल्सन असा तो संघ असे, त्यामुळे ‘ऑर्सर यांचा शिष्य’ हा शब्दप्रयोग सोयीचा असला तरी अपुरा आहे.

१२. हान्यू आणि फर्नांडेझ हे प्रतिस्पर्धी एकाच प्रशिक्षकाकडे कसे? यात पक्षपात होत नाही का?

स्पेनचा हाविएर फर्नांडेझ २०११ मध्ये टोरांटोला आला. हान्यू २०१२ मध्ये आला, आणि फर्नांडेझच्या चार फेऱ्यांच्या उड्या हे त्याच्या येण्याचे एक कारण होते. मार्च २०११ च्या भूकंपाच्या वेळी हान्यू सेंदाई येथील आपल्या रिंकवर सरावच करत होता. ते रिंक काही महिने बंद राहिले आणि स्थिर सरावाची जागा त्याला उरली नाही, ही त्या स्थलांतरामागची पार्श्वभूमी.

एकाच बर्फावर रोज सर्वोत्तम प्रतिस्पर्धी समोर दिसणे दोघांच्याही पथ्यावर पडले. निकाल पाहिले तर पक्षपाताची शंका टिकत नाही. २०१४ चे ऑलिंपिक आणि जागतिक विजेतेपद हान्यूचे. २०१५ मध्ये शांघाय येथे फर्नांडेझने त्याला २७३.९० विरुद्ध २७१.०८ असे हरवले, आणि २०१६ मध्ये बोस्टन येथे शॉर्टनंतर तब्बल बारा गुणांनी मागे असतानाही फर्नांडेझच पुन्हा विश्वविजेता झाला. २०१८ च्या प्याँगचांग ऑलिंपिकमध्ये हान्यू पहिला, जपानचाच शोमा उनो दुसरा आणि फर्नांडेझ तिसरा.

२०१४ च्या सोची ऑलिंपिकमधला प्रसंग मात्र अवघड होता. तेथे हान्यूने शॉर्टमध्ये १०१.४५ गुण मिळवून ऑलिंपिकमध्ये प्रथमच शंभरी ओलांडली, आणि फ्री स्केटमध्ये दोनदा पडूनही त्याला सुवर्ण मिळाले. त्याच दिवशी फर्नांडेझ चौथा आला. कार्यक्रमात आयत्या वेळी झालेल्या बदलांमुळे त्याने तीच उडी नियमापेक्षा जास्त वेळा केली आणि तिचे गुण धरले गेले नाहीत. एका शिष्याचा आनंद आणि दुसऱ्याचे दुःख एकाच संध्याकाळी सांभाळणे, हा या व्यवस्थेचा खरा खर्च आहे.

१३. कॅनडाचे असून ते परदेशी खेळाडूंना कॅनडाविरुद्ध जिंकायला मदत करतात, यावर टीका होत नाही का?

सोचीत हान्यूने ज्याला मागे टाकले तो पॅट्रिक चॅन कॅनडाचाच होता, त्यामुळे प्रश्न उठणे साहजिक आहे. तरीही या खेळात प्रशिक्षक आणि रचनाकार नेहमीच सीमेपलीकडे काम करत आले आहेत. कॅल्गरीत ऑर्सर यांना हरवणारा बॉयटानोचा कार्यक्रम बसवला होता सॅन्ड्रा बेझिक यांनी, आणि त्या टोरांटोच्या. शिवाय ऑर्सर यांच्याकडे कॅनडाचे खेळाडूही होते. २०१४ चा कनिष्ठ विश्वविजेता नाम न्युएन हा त्यांपैकी एक.

१४. इतके यश असूनही खेळाडू त्यांना सोडून का जातात?

फिगर स्केटिंगमध्ये प्रशिक्षक बदलणे ही नित्याची गोष्ट आहे. प्रत्येक वेळी कोणाचा तरी दोष शोधण्याची गरज नसते. सर्वांत गाजलेली फारकत युना किमची. ऑलिंपिक सुवर्णानंतर अवघ्या सहा महिन्यांत, ऑगस्ट २०१० मध्ये, दोघे वेगळे झाले आणि ते कोणाच्या निर्णयाने व कसे झाले याविषयी दोन्ही बाजूंनी जाहीरपणे परस्परविरोधी गोष्टी सांगितल्या. किमच्या पुढच्या कार्यक्रमाच्या संगीताचा उल्लेख ऑर्सर यांच्याकडून वृत्तपत्रांत आला, तेव्हा त्यांच्यावर टीकाही झाली, आणि माझ्या मते ती रास्त होती. कार्यक्रमाचे संगीत जाहीर करणे हा खेळाडूचा हक्क आहे.

रशियाच्या येवगेनिया मेदवेदेवाची गोष्ट वेगळी. प्याँगचांगमधील रौप्यपदकानंतर ती २०१८ मध्ये मॉस्को सोडून टोरांटोला आली. तिथे तिने वयानुसार बदललेल्या शरीराबरोबर आपले तंत्र पुन्हा बांधण्याचा प्रयत्न केला, २०१९ च्या जागतिक स्पर्धेत कांस्यपदकही मिळवले आणि २०२० मध्ये, महासाथीच्या काळात, ती आपल्या जुन्या प्रशिक्षिकेकडे परतली. उलट हान्यू २०१२ पासून स्पर्धात्मक निवृत्तीपर्यंत, म्हणजे जुलै २०२२ पर्यंत, क्लबशी जोडलेला राहिला. महासाथीनंतर मात्र त्याचा सराव बहुतांशी जपानमध्येच चाले. कोरियाचा चा जुन-ह्वान २०१५ मध्ये आला आणि २०२३ मध्ये जागतिक रौप्य मिळवणारा आपल्या देशाचा पहिला पुरुष स्केटर ठरला.

१५. २०१४ मध्ये शांघायला जखमी हान्यूला खेळू द्यायला नको होते, असे वाटत नाही का?

चायना कपच्या फ्री स्केटआधीच्या सरावात हान्यू आणि चीनचा यान हान यांची वेगात टक्कर झाली. डोक्याला पट्टी बांधून हान्यू उतरला, पाच वेळा पडला आणि तरीही दुसरा आला. खेळण्याचा आग्रह हान्यूचा होता. तरी डोक्याला मार लागल्यानंतर निर्णय खेळाडूवर सोडावा का, या प्रश्नाला माझे उत्तर ‘नाही’ असे आहे. मेंदूला इजा झाली असण्याची शक्यता असताना त्याच खेळाडूच्या निर्णयशक्तीवर विसंबणे धोक्याचे असते, आणि म्हणूनच हा अधिकार तटस्थ डॉक्टरकडे असायला हवा. या प्रसंगी जबाबदारी एकट्या प्रशिक्षकाची नव्हती. ती आयोजकांची आणि नियमांचीही होती.

१६. स्वतःला न मिळालेले सुवर्ण त्यांनी शिष्यांकडून मिळवले, असे म्हणता येईल का?

म्हणायला आकर्षक आहे, पण मी ते टाळतो. ऑलिंपिकमध्ये प्रशिक्षकाला पदक मिळत नाही, आणि किमचे किंवा हान्यूचे सुवर्ण कोणाची तरी अपुरी इच्छा भरून काढण्यासाठी नव्हते. शिवाय या वाक्यात ऑर्सर यांची कारकीर्द अपुरी होती असे गृहीत धरलेले असते. आठ राष्ट्रीय विजेतेपदे, एक जागतिक विजेतेपद, १९८३ ते १९८८ या काळात प्रत्येक जागतिक स्पर्धेत पदक, दोन ऑलिंपिक रौप्ये आणि ‘ऑर्डर ऑफ कॅनडा’ हा सन्मान, हे सारे अपुरे कसे म्हणावे?

१७. त्यांच्या खासगी आयुष्यावरील खटल्याविषयी काय?

१९९८ मध्ये पूर्वीच्या जोडीदाराने दाखल केलेल्या दाव्यामुळे ऑर्सर समलिंगी असल्याचे जाहीर झाले. कागदपत्रे गुप्त राहावीत अशी विनंती त्यांनी कारकिर्दीवर परिणाम होण्याच्या भीतीने केली होती, पण न्यायालयाने ती मान्य केली नाही. ती भीती त्या काळी निराधार नव्हती. पुढे ते याविषयी मोकळेपणाने बोलू लागले.

१८. हान्यूचे ३३०.४३ आणि किमचे २२८.५६ हे आजही विश्वविक्रम आहेत का?

हान्यूने नोव्हेंबर २०१५ मध्ये नागानो येथे ३२२.४० गुणांसह प्रथमच तीनशेचा टप्पा ओलांडला आणि दोनच आठवड्यांनी बार्सिलोना येथे ३३०.४३ गुण मिळवले. २०१८-१९ च्या हंगामापासून उडी किती सफाईने झाली याचे मोजमाप उणे ३ ते अधिक ३ ऐवजी उणे ५ ते अधिक ५ असे झाले. त्यामुळे आधीचे सर्व विक्रम ‘ऐतिहासिक’ म्हणून बंद करण्यात आले आणि नव्या यादीची सुरुवात शून्यापासून झाली. जुन्या पद्धतीतील पुरुषांचा सर्वोच्च एकूण गुणांक म्हणून ३३०.४३ कायमचे नोंदले गेले आहे. किमचा विक्रम मात्र जुन्या पद्धतीतच मोडला गेला होता. जानेवारी २०१७ मध्ये ओस्ट्राव्हा येथील युरोपीय स्पर्धेत २२९.७१ गुण मिळवून तो मोडणारी मेदवेदेवा तेव्हा अजून ऑर्सर यांच्याकडे आलेली नव्हती (प्रश्न १४ पाहा).